एका गालावरचा थेंब

चि. मनूस,
अनेक आशीर्वाद.

चिनी दिग्दर्शक झांग यिमौचा ‘हीरो’ (2002) हा सिनेमा बघून ‘एकच गोष्ट पुन्हा पुन्हा का सांगतात?’ असं तू विचारलंस. कपड्यांचे रंग धरून बघ. लाल भाग म्हणजे निनावी योद्ध्याने राजाला ऐकवलेली बनावट हकिकत, तिच्यात मत्सर. निळा म्हणजे राजाचा तर्क, त्यात त्याग. खरं घडलेलं पांढऱ्यात येतं. हिरव्यात जुन्या आठवणी. प्रेमिक तेच दोघं, पण ताटातुटीचं कारण रंगागणिक बदलतं. पांढरा तिकडेही शोकाचा, त्यामुळे शेवट काय होणार ते कपडेच सांगून टाकतात.

निळ्या भागातली तळ्यावरची लढाई सिच्वानच्या च्यूझायगोऊत चित्रित झाली. पाणी आरशासारखं हवं, वारा सुटला की प्रतिबिंब मोडलं. निनावी योद्धा आणि प्रियकर तलवारी घेऊन पाण्यावर तरंगतायत, मध्ये प्रेयसीचं शव. तिच्या गालावर एक थेंब पडतो आणि प्रियकर झालेला टोनी लेउंग लढाई सोडून तो पुसायला वळतो. बस. प्रेमाचा संवाद तेवढाच, आणि मला तो अख्ख्या सिनेमात सर्वांत भारी वाटतो. शेवटी, पांढऱ्या भागात, वाळवंटात तो तिचा वार अडवतच नाही. मग ती त्याला मागून मिठी मारून तीच तलवार स्वतःच्या अंगात घेते.

आता तुझी शॉर्ट फिल्म. उडी वायरवर, म्हणजे तारेला टांगून, घ्यायची तर प्रशिक्षित स्टंटवाला हवाच, घरगुती दोरीचे प्रयोग नकोत. एकाच वायरवर माणूस गरगरतो, म्हणून कमरेच्या दोन्ही बाजूंना वायर लावतात, हार्नेस (वायर अडकवायचे पट्टे) कपड्याखाली. उडी आधी पायातून निघायला हवी, ओढ त्यानंतर किंचित उशिरा. ओढणारा घाई करतो तेव्हा माणूस विहिरीतून पोहरा काढल्यासारखा वर येतो. कापड हलकं आणि घोळदार घे. अंग थांबल्यावरही ते क्षणभर हलत राहतं, आणि उडण्याचा भास तिथेच होतो.

‘हीरो’तल्या पिवळ्या रानातल्या लढाईसाठी त्यांनी पानांचीसुद्धा रंगावरून प्रतवारी केली होती. तू निदान मोबाइलचा व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल) ऑटोवर ठेवू नकोस. फ्रेमभर लाल दिसलं की तो स्वतःच लाली उतरवतो, आणि दर शॉटला वेगळी. हातानं ठरवून लॉक कर.

तुझा,
बाबा