बाबांच्या ताटात उरलेल्या कडा

प्रिय आई, प्रिय बाबा,

काल फोनवर आई म्हणाली, "आमचं काय, काहीतरी खाऊन घेतो." हे 'काहीतरी' मी गेले दोन महिने ऐकतोय. जेवणाचं विचारलं की तुम्ही दोघंही विषय बदलता. म्हणून आज फोन केला नाही, सरळ कागद घेऊन बसलो.

मागच्या वेळी आपण तिघं पिझ्झा खायला गेलो होतो, आठवतंय? बाबा, तुम्हीच हौसेने मागवलात. पहिला घास घेतलात, जरा थांबलात आणि मग चमचा मागून घेतलात. वरचं चीज, टोमॅटो, ढोबळी मिरची, सगळं चमच्याने खरवडून खाल्लंत. आपण उठलो तेव्हा तुमच्या ताटाच्या एका बाजूला पिझ्झ्याच्या कडा एकावर एक नीट रचलेल्या होत्या. आईने काही न बोलता तिच्या तुकड्यावरचं चीज तुमच्या ताटात सरकवलं. मीही काही बोललो नाही. नवी कवळी अजून नीट बसत नाही, हे बाबांनी सांगायचं नाही आणि आपण विचारायचं नाही, असं जणू आधीच ठरलं होतं.

पण त्या कडा माझ्या डोळ्यांसमोरून हलेनात. लहानपणी कडा टाकणारा मी होतो आणि खाणारे तुम्ही. आठवीत मी गणितात नापास झालो त्या संध्याकाळी तुम्ही पिझ्झा घेऊन आलात. मार्कांबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. खोका उघडल्यावर लसूण आणि ओरेगानोचा वास घरभर झाला आणि तेवढ्यानेच मला रडू आलं. मधला मऊ भाग मी खाल्ला. कडा तुम्ही स्वतःकडे ओढून घेतल्यात आणि कडाकड चावत म्हणालात, "खरी मजा तर यातच आहे." तुम्हाला कुरकुरीत काहीही मनापासून आवडतं. त्यामुळे त्या रचून ठेवलेल्या कडा पाहून मला जास्तच लागलं.

तेव्हापासून पाच रविवार मी एकाच गोष्टीमागे आहे. पिझ्झ्याची सगळी चव मऊ घासात आणायची आणि तीही आईला दमवल्याशिवाय. शेवटी पिझ्झ्याच्या चवीचा, ओव्हनमध्ये भाजलेला पास्ता जमला आहे असं वाटतं, म्हणून लिहितोय.

आधी वाटलं होतं, घरीच पातळ, मऊ पिझ्झा करावा. नाही होत. इटलीतल्या नेपल्स शहरात भट्टीत पिझ्झा ४०० अंश सेल्सिअसच्याही वरच्या आचेवर भाजतात आणि ६० ते ९० सेकंदांत बाहेर काढतात. इतक्या कमी वेळात पिठातलं पाणी उडून जात नाही, म्हणून तो मऊ राहतो. तिथल्या पिझ्झा करणाऱ्यांच्या या कलेला २०१७ मध्ये युनेस्कोने अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतलं. घरचा ओव्हन बहुधा २५० अंशांच्या आसपास थांबतो. तिथे पिझ्झा दहा-बारा मिनिटं राहतो, तोवर तळ वाळून चिवट होतो. पास्त्याचं तसं नाही. तो आधीच पाणी पिऊन आलेला असतो, वर रस्सा असतो. ओव्हनने फक्त चीज वितळवायचं आणि वरून जरा रंग आणायचा.

दोघांसाठी १५० ग्रॅम पास्ता पुरतो. आकार मॅकरोनीचा घ्या, छोटी वाकडी नळी. चमच्यावर बसते, आत रस्सा भरतो आणि सगळीकडून सारखी शिजते. स्पॅगेटी नको, ती ओढत खावी लागते. पाकिटावर ड्युरम गहू लिहिलेला बघा. तो गहू कठीण असतो, त्याचा पास्ता मऊ शिजला तरी त्याचा लगदा होत नाही.

इथे मी पुस्तकी नियम मोडतोय. इटलीत पास्ता 'अल देन्ते' शिजवतात. शब्दशः अर्थ 'दाताला', म्हणजे चावताना दाताला किंचित लागला पाहिजे. त्यात ओव्हनमध्ये जाणार असेल तर पाकिटावरच्या वेळेच्याही दोन मिनिटं आधी काढायला सांगतात. बाबा, तुमच्यासाठी मी पाकिटावर दिलेली पूर्ण वेळ शिजवतो. मऊ हवा म्हणून केलेला पास्ता काही कमी प्रतीचा नसतो, हे मी पाच वेळा खाऊन सांगतोय.

आई, आता हे तुझ्यासाठी. उकळत्या पाण्याचं पातेलं उचलून चाळणीत ओतायचं नाही. तुझ्या मनगटात आता तेवढी ताकद नाही, आणि ते पातेलं उचलायला तू बाबांना हाक मारणार नाहीस, हेही मला माहीत आहे. पातेलं गॅसवरच राहू दे. गॅस बंद कर, झाऱ्याने पास्ता थोडा थोडा उचल आणि शेजारच्या कढईतल्या रश्शात सोड. थोडं पाणी सोबत गेलं तर चांगलंच. त्या पाण्यात पास्त्याचा स्टार्च उतरलेला असतो, त्यामुळे तेल आणि टोमॅटो वेगळे राहत नाहीत, रस्सा मिळून येतो. उरलेलं पाणी रात्रभर तसंच राहू दे, सकाळी गार झाल्यावर मगाने काढून टाक. कसली घाई आहे?

मिठाचं नीट वाचा. पास्त्याला साधारणपणे लिटरभर पाण्यात १० ग्रॅम मीठ घालतात. बाबांचं रक्तदाबाचं दुखणं आहे, म्हणून मी निम्मंच घालतो. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसभरात ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ सांगते, म्हणजे सगळं धरून जेमतेम एक छोटा चमचा. चीजमध्ये मीठ असतंच, पास्त्याच्या पाण्यातही आहे. त्यामुळे रश्शात वेगळं मीठ अजिबात नको. ऑलिव्ह घालणार असाल तर चिरून दहा मिनिटं साध्या पाण्यात ठेवा आणि ते पाणी फेकून द्या.

बाबा, "अळणी लागतं" असं तुम्ही हल्ली रोज म्हणता, आईचा हात बिघडलाय असंही एकदा म्हणालात. आईचा हात तोच आहे. वय वाढतं तसा वास कमी येऊ लागतो, आणि आपण जिला चव म्हणतो तिच्यातला मोठा भाग वासाचाच असतो. म्हणून मीठ वाढवण्यापेक्षा वास वाढवायचा. ओरेगानोचा वास तेलात चांगला उतरतो. मी तो दोनदा घालतो. एकदा लसणाबरोबर कोमट तेलात, आणि दुसऱ्यांदा अगदी शेवटी, तळहातांवर चोळून. पिझ्झ्याचा खोका उघडल्याचा तो वास या दुसऱ्या वेळेला येतो.

रश्शावर मात्र वेळ घालवावा लागतो. अर्धा किलो पिकलेले लाल टोमॅटो घ्या. प्रत्येकाच्या बुडाला सुरीने फुली मारून मिनिटभर उकळत्या पाण्यात सोडा, साल आपोआप सुटतं. मग अर्धे कापून बिया चाळणीवर पिळून काढा. बिया का, तर त्या कवळीखाली अडकतात आणि मग जेवण तिथेच थांबतं. मागच्या भेटीत बाबा जेवता जेवता दोनदा उठून बेसिनपाशी गेले ते मी पाहिलं होतं. पण चाळणीखाली पडलेला बियांभोवतीचा रस टाकू नका, टोमॅटोची खरी चव त्या रसात असते. तो रश्शातच घाला. मक्याचे दाणेही याच कारणासाठी मी यादीतून काढले, त्यांची सालं तशीच त्रास देतात.

कढईत दोन मोठे चमचे ऑलिव्ह तेल, मंद आच. चार पाकळ्या लसूण ठेचून घाला, रंग बदलू देऊ नका, करपला की कडू होतो. ओरेगानोचा पहिला चमचा याच वेळी. मग एक कांदा अगदी बारीक चिरून, झाकण ठेवून दहा मिनिटं, विरघळल्यासारखा होईपर्यंत. एक गाजर किसून घाला, टोमॅटोचा आंबटपणा बोचत नाही आणि साखर लागत नाही. त्यावर टोमॅटो. अर्धा तास मंद आचेवर राहू द्या, मध्ये एकदा ढवळलं की पुरे. तेवढा वेळ आईने खुर्चीवर बसायचं, ओट्यापाशी उभं राहायचं नाही.

ढोबळी मिरची गॅसवर भाजून काळं झालेलं साल काढा, मग बारीक चिरा. मशरूम वेगळ्या तव्यावर पाणी सुटून आटेपर्यंत परता. कच्चे घातले तर सगळं पाणी रश्शात येतं आणि चव पातळ होते. हे दोन्ही रश्शात, त्यावर पास्ता, आणि पास्त्याचं वाटीभर पाणी. बघताना पातळ वाटेल, वाटू द्या. मॅकरोनी ओव्हनमध्येही पाणी पीत राहते.

चीजबाबत मी दोनदा चुकलो. नुसतं मोझरेला घातलं की लांब तारा निघतात. फोटोत छान दिसतं, पण ती तार कवळीत गुंतते, आणि मोझरेला गार झालं की रबरासारखं होतं. आता मी ८० ग्रॅम मोझरेला आणि ४० ग्रॅम चेडर घेतो, दोन्ही बारीक किसून. चेडर वितळतं पण तार धरत नाही. किसलेल्या चीजचं तयार पाकीट आणू नका. दाणे चिकटू नयेत म्हणून त्याला स्टार्च लावलेला असतो, ते नीट मिळून येत नाही. अर्धं चीज पास्त्यात मिसळा, अर्धं वर पसरा. २०० अंशांवर पंधरा मिनिटं.

एवढं करूनही पहिले तीन रविवार काहीतरी राहिल्यासारखं वाटत होतं. वास पिझ्झ्याचा, चव पिझ्झ्याची, तरी तो पिझ्झा नव्हता. चौथ्या रविवारी कळलं. भाजलेल्या पिठाचा वास नव्हता. कडा नव्हत्या, बाबा!

मग दोन शिळे ब्रेड मिक्सरमधून अगदी बारीक काढले, रव्यासारखे. चमचाभर तेलात मंद आचेवर तांबूस होईपर्यंत परतले आणि ओव्हनमधून काढलेल्या पास्त्यावर भुरभुरले. पहिल्या घासाला कुरकुर ऐकू येते. मग जिभेवर ओलावा लागला की चुरा विरघळतो, चावावं लागत नाही. भाजक्या कडेची चव पूर्ण येते. मी कितीतरी वेळ नुसता तो चुराच खात उभा होतो. हा चुरा वेगळ्या वाटीत ठेवा आणि प्रत्येक घासाआधी थोडा थोडा घाला. एकदम घातला तर मऊ पडतो.

खाण्याआधी पाच मिनिटं थांबा. चीज जीभ भाजतं आणि बाबांना धीर नसतो.

उरलं तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये टाका, दोन दिवसांत संपवा. गरम करताना वरून दोन-तीन चमचे पाणी आणि झाकण. म्हणजे एक दिवस केलं की दुसऱ्या दिवशीही 'काहीतरी' खायची वेळ येणार नाही.

आणि आई, ओव्हनचा खोल काचेचा ट्रे सगळ्यात वरच्या फळीवर आहे, मला माहीत आहे. तो काढायला स्टुलावर चढू नकोस. पुढच्या शनिवारी मी येतोय, मी काढीन आणि खालच्या कपाटात ठेवीन. तोवर कढईतच चीज पसर आणि झाकण ठेवून अगदी मंद आचेवर सात-आठ मिनिटं ठेव. वर रंग येणार नाही, पण चीज वितळेल, आणि रंगाचं काम चुरा करेल.

बाबा, येताना मी ब्रेड आणतोय. चुरा परतायचं काम तुमचं.

तुमचा,
धाकटा