त्या दगडावर काय लिहिलं होतं

रॉचेस्टर, नोव्हेंबर

ती. आई-बाबा,
सा. न. वि. वि.

फोनवर रोज बोलतोच, पण हे फोनवर नीट सांगता येईना, म्हणून लिहायला बसले.

गेल्या जूनमध्ये तुम्ही इथे होतात तेव्हा सेनेका तळ्याकडे जाताना रस्त्याच्या कडेला एक करडा दगड लागला होता, ब्राँझची पाटी बसवलेला. आई, तू विचारलंस, "काय लिहिलंय गं?" मी पाटीवर वरवर नजर फिरवली आणि म्हणाले, "जुन्या लढाईची आठवण आहे. चला, उशीर होईल." ते अर्धंच उत्तर होतं आणि तेव्हापासून मनात टोचत होतं.

तो दगड न्यूयॉर्क राज्याने १९२९ साली बसवला. असे पुष्कळ आहेत. जनरल सलिव्हनची अमेरिकन फौज १७७९ मध्ये कोणत्या वाटेने गेली त्याचा नकाशा त्यावर आहे. ती फौज इंग्रजांवर चालून गेलेली नव्हती. ती निघाली होती इथल्या मूळच्या लोकांची गावं आणि पिकं जाळायला.

फ्रेंच त्यांना इरोक्वा म्हणत. ते स्वतःला हॉडेनोशॉनी म्हणतात, म्हणजे लांब घराचे लोक. सहा राष्ट्रं: मोहॉक, ओनायडा, ऑनंडागा, कायुगा, सेनेका आणि मागून आलेले टस्करोरा. आपल्याकडे एका वाड्यात चार चुली असतात ना, तसं त्यांचं लांबच लांब घर, एका छपराखाली ओळीने चुली. सगळ्या संघाचीही एक धुनी होती, ऑनंडागांच्या गावी. सहाही राष्ट्रं तिच्याभोवती बसून एकमत होईपर्यंत बोलत. कूळ आईकडून चालायचं, शेतं बायकांची, आणि सरदार कोण हे कुळातली वडीलधारी बाई ठरवायची. आई, हे मी तुला आधीच सांगायला हवं होतं.

अमेरिकेतल्या वसाहती इंग्लंडच्या राजाविरुद्ध उठल्या तेव्हा दोन्ही बाजू यांच्या दारात आल्या. हे बापलेकांचं भांडण, आपण मध्ये पडू नये, असं आधी पुष्कळांना वाटत होतं. पण जमिनीवर डोळा ठेवून वसाहतवाले पुढे पुढे सरकत होते, आणि त्यांना राजाच आवर घालेल अशी मोहॉकांना आशा होती. ओनायडा मात्र वसाहतवाल्या शेजाऱ्यांच्या बाजूने झुकले. त्यातच १७७७ च्या जानेवारीत ऑनंडागांच्या गावी साथ आली, मोठे सरदार गेले आणि धुनी विझवावी लागली. त्याच वर्षी ६ ऑगस्टला ओरिस्कनीच्या ओढ्यापाशी ओनायडा एका बाजूला आणि मोहॉक-सेनेका दुसऱ्या बाजूला, असे समोरासमोर आले. शेकडो वर्षं एका छपराखाली राहिलेले लोक. मोहॉक-सेनेकांनी ओनायडांचं गाव जाळलं, ओनायडांनी मोहॉकांची घरं लुटली. बाबा, भाऊबंदकीबद्दल तुम्हाला मी वेगळं काय सांगू!

पुढच्या वर्षी इंग्रजांच्या बाजूच्या टोळ्यांनी चेरी व्हॅली या वसाहतवाल्यांच्या गावावर धाड घातली. त्यात बायकामुलंही मारली गेली, हेही खरं आहे आणि ते झाकून मला काही सांगायचं नाही. पण वसाहतवाल्यांचा सेनापती वॉशिंग्टन, त्याने त्याला उत्तर दिलं ते पिकावर. त्याने सलिव्हनला लेखी हुकूम दिला की वस्त्या नुसत्या जिंकू नका, पार उद्ध्वस्त करा. साधारण चार हजारांची फौज ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये या तळ्यांच्या मुलखात शिरली. बाबा, महिना बघा. मक्याचा दाणा भरत आलेला, वेलांवर भोपळे, शेंगा धरलेल्या. हे लोक मका, घेवडा आणि भोपळा एकाच आळ्यात लावतात आणि त्यांना तीन बहिणी म्हणतात. चाळीसच्या आसपास गावं जाळली. सलिव्हनने स्वतःच हिशोब दिलाय: १,६०,००० बुशेल मका. मी गणित करून पाहिलं, आपले सुमारे ४०,००० क्विंटल. पीचच्या बागासुद्धा बुंध्यापासून तोडल्या. उभं पीक जळताना बघणं काय असतं हे तुम्हाला ठाऊक आहे. आपली गंजी पेटली त्या रात्री तुम्ही बांधावर बसून होतात ते मला आठवतं.

त्यातल्या एका बाईची हकिगत माझ्या डोक्यातून जात नाही. मेरी जेमिसन. गोऱ्या आईबापांची मुलगी, लहानपणी पकडून आणलेली आणि दोन सेनेका बहिणींनी घरात घेतलेली. ती त्यांचीच झाली. म्हातारपणी तिने आपली हकिगत सांगून लिहवून घेतली. फौज गेल्यावर लोक जेनेसी नदीकाठी परतले, तर एका पोराचं एक दिवस पोट भरेल एवढंही काही उरलेलं नव्हतं. तिने धाकटी दोन पोरं पाठीवर घेतली, थोरल्या तिघांना मागे चालायला सांगितलं आणि नदीकाठाने वरच्या अंगाला निघाली. तिथे गुलामीतून पळून आलेले दोन काळे पुरुष शेती करून राहत होते. त्यांचा मका तिने सोलून दिला. मजुरी काय, तर कणसांच्या दर दहा माळांमागे एक माळ. सगळी सुगी होईपर्यंत तिच्या वाट्याला पंचवीस बुशेल आले, म्हणजे साधारण सहा क्विंटल. त्यावर पाच पोरांचा हिवाळा निघाला. बाकीचे हजारो लोक इंग्रजांच्या नायगारा किल्ल्याभोवती जाऊन राहिले आणि त्या कडाक्याच्या थंडीत उपासमारीने, आजाराने कितीतरी दगावले.

१७८३ मध्ये पॅरिसला इंग्लंड आणि अमेरिकेचा तह झाला, त्यात यांचं नावसुद्धा नाही. इंग्रजांच्या बाजूने लढले त्यांची जमीन गेलीच. पण अमेरिकेसाठी लढलेल्या ओनायडांचं काय झालं? १९२० पर्यंत त्यांच्याकडे ३२ एकर उरली होती. बाबा, ३२ एकर, अख्ख्या राष्ट्राकडे!

गेल्या महिन्यात मी गॅनोन्डागनला मका सोलायला गेले होते. सेनेकांचं जुनं गाव आहे, आमच्यापासून जवळच. पांढरा मका, लांब कणसं. पाती तोडायची नाहीत, मागे ओढायची आणि तीन पदरी वेणी घालत एकेक कणीस आत गुंफत जायचं. माझी वेणी सैल पडत होती. शेजारच्या आजींनी काही न बोलता ती हातात घेतली, तीन कणसं उसवली आणि गच्च ओढून परत दिली. मला लहानपणीची आपली ओसरी आठवली, तू वेणी घालताना केस ओढायचीस तशी.

काल ११ नोव्हेंबर होता. १७९४ मध्ये याच तारखेला कॅनंडेग्वाला वॉशिंग्टनच्या सरकारने यांच्याशी तह केला आणि दरवर्षी ४,५०० डॉलरचा माल द्यायचं ठरलं. त्यातलं कापड अजून येतं. रक्कम तीच राहिल्यामुळे कापड दरवर्षी कमी भरतं, पण हे लोक ते नाकारत नाहीत. ते येतंय तोवर तह जिवंत आहे, असं त्यांचं म्हणणं.

आई, येताना थोडा मका विकत आणला. तो राख घालून उकळतात, म्हणजे टरफल सुटतं, मग धुऊन शिजवायचा. माझं टरफल अर्धंच सुटलं. राख जाड राहिली असावी. चुलीची राख तू कसल्या कापडातून गाळायचीस? रविवारी फोन करीन तेव्हा सांग. आणि बाबांना गुडघ्याचा पट्टा लावायची आठवण कर.

तुमची,
लेक