पिजदुऱ्याचं गवत

ती. आई-बाबा,
सा. न.

आई, परवा फोनवर तू विचारलंस, "डायनोसॉरचा तो अख्खा कार्यक्रम पाहिला, तुझं चित्र कुठे होतं गं?" खरं सांगू? कुठेच नव्हतं. मी काढते ते पडद्यावर येतच नाही. हाडांच्या मापांवरून आधी सांगाडा, त्यावर स्नायू, मग कातडी. ते चित्र मॉडेल करणाऱ्यांकडे जातं, तिथून ॲनिमेशनवाल्यांकडे. शेवटी जो प्राणी चालतो त्यात माझा उरतो फक्त खांद्याचा झोल. तोही माझा कसला? ढवळ्या वखर ओढताना जसा अंग टाकायचा, तसाच काढला.

बाबा, स्क्रीनपुढे डोळे जातील म्हणता. चार्ल्स नाइट नावाचा एक अमेरिकन चित्रकार होता. लहानपणी खडा लागून त्याचा उजवा डोळा अधू झाला, दुसराही कमजोर. तरी प्राणिसंग्रहालयात बसून जिवंत जनावरं रेखाटायचा आणि त्यावरून डायनोसॉर उभे करायचा. 1933 च्या 'किंग काँग'मधले डायनोसॉर त्याच्याच चित्रांवरून बेतलेत. म्हणून काही माझं रात्री जागणं सुटत नाही, पण थेंब घालते.

आता खरी गंमत. या वेळी काम आलं ते आपल्याकडचंच! वरोऱ्याजवळच्या डोंगरगावला सापडलेला आयसीसॉरस नावाचा डायनोसॉर, पुढचे पाय लांब, मान उभी. मी त्याच्या पायाशी गवताचे पुंजके काढले. वरिष्ठ म्हणाले, "पूस ते. डायनोसॉरच्या काळात गवत नव्हतं." पूर्वी सगळे तसंच मानत. पण आपल्या पिजदुऱ्याला (शास्त्रज्ञ पिसदुरा लिहितात) डायनोसॉरच्या काळातली दगड झालेली विष्ठा सापडते. तिच्यात गवताच्या पेशींतले गारेचे (सिलिकाचे) बारीक कण निघाले, 2005 साली ते छापूनही आलं. बांधावरचं गवत ओढताना आई, तुझ्या बोटांना चरे पडायचे ना? त्या पात्यांच्या धारेत हीच गार असते. मी तो लेख पुढे ठेवला. पुंजके राहिले. कुरण मात्र मीही काढलं नाही. नदीकाठी थोडं, बाकी झाडझाडोरा. शेणावरून एवढंच म्हणता येतं.

रंग बहुतेक अंदाजानेच भरते. तुझ्या शेजारणीला मात्र हे सांगू नकोस.

हे काम मार्चपर्यंत आहे. पुढचं अजून ठरलेलं नाही, दर वेळी असंच असतं. बी.एड.चा फॉर्म पुन्हा काढू नकोस, आई. दोन महिने पुरतील एवढे बाजूला टाकलेत.

बाबा, दादा तिकडे गेला तर त्याला पिजदुऱ्याच्या टेकडीचा सकाळच्या कोवळ्या उन्हातला फोटो काढायला सांगा. मातीचा रंग नीट दिसायला हवा, इथे कुणाचाच त्यावर विश्वास बसत नाही. आणि दगड उचलून आणू नका, मागच्या वेळी तुम्ही खिशातून काढला होता तसा.

तुमची,
छोटी