कॅमेरा आपल्या फाटकाकडे वळवा

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

नागपूरच्या मे महिन्यात रात्र निघते ती कूलरवर नाहीतर गच्चीवर. कूलरची हवा खेळायला समोरची खिडकी उघडीच लागते, आणि महाल-इतवारीत गच्चीला गच्ची लागून. शेजारच्या तिसऱ्या मजल्यावर कॅमेरा लागला की बायका-मुली गाद्या गुंडाळून पुन्हा तापलेल्या खोलीत जातात. अंधारात काय दिसणार, असं समजू नका. कॅमेऱ्याचे इन्फ्रारेड दिवे आपल्याला जेमतेम लाल ठिपक्यांसारखे दिसतात, पण त्यांच्या उजेडात २० मीटरवर झोपलेलं माणूसही पडद्यावर उमटतं.

बरं, इतक्या उंचावरून चोराचा चेहराही येत नाही, टाळू तेवढी दिसते. कॅमेरा फाटकापाशी ८ ते १० फुटांवर, खाली झुकवून लावावा. अरुंद गल्लीत २.८ मिमीची लेन्स नको. तिचा कोन सुमारे १०० अंशांचा, समोरच्याचं दार-खिडकी त्यात येणारच. ६ मिमीची पुरते. तरीही खिडकी दिसत असेल तर डीव्हीआरच्या, म्हणजे चित्रण साठवणाऱ्या डब्याच्या, मेनूत 'प्रायव्हसी मास्क' असतो. माउसने चौकोन ओढला की तेवढा भाग रेकॉर्डिंगमध्येही काळा राहतो. स्वस्त फिरत्या वायफाय कॅमेऱ्यात मात्र यावर विसंबू नये: कॅमेरा वळतो, चौकोन जागीच राहतो. त्यातला माइकही आठवणीने बंद करा.

ज्याचा कॅमेरा, त्याचंही घर उघडं पडतं. बसवणारा मुलगा चाचणीसाठी कॅमेऱ्याचा क्यूआर कोड स्वतःच्या मोबाइलवर स्कॅन करतो आणि खातं तिथेच राहून जातं, म्हणजे तुमचं चित्र त्याला दिसत राहतं. तो जाण्याआधी ते काढायला लावा, पासवर्ड स्वतः बदला.

सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. पण भारतीय न्याय संहितेचं कलम ७७ आणि माहिती तंत्रज्ञान कायद्याचं ६६-ई ही दोन्ही कलमं नग्नता किंवा अगदी खासगी क्रियांच्या चित्रणापुरती आहेत. २०२३ चा डेटा संरक्षण कायदा घरगुती वापराला लागूच होत नाही. गच्चीवर गाऊनमध्ये झोपलेल्या बाईला यातलं काहीही सहज कामी येत नाही, हे फार सलतं.

म्हणून कॅमेरे बसवणाऱ्या सर्व दुकानदारांना कळकळीची विनंती: शिडी उचलण्याआधी शेजाऱ्याला बोलवा आणि पडद्यावरचं चित्र दाखवा, दिवसाचं आणि दिवे मालवल्यावरचंही.

आपला,
एक सीसीटीव्ही तंत्रज्ञ, महाल, नागपूर