मी सही केली

ती. आई-बाबांस,
सा. न.

व्हिडिओ कॉलवर सांगायचं तीनदा ठरवलं आणि तिन्ही वेळा कढीपत्त्याच्या कुंडीची चौकशी करून फोन ठेवला. म्हणून पत्र. लीड्सच्या नोकरीच्या करारावर मी मंगळवारी सही केली. पुण्याच्या कॉलेजला नकार कळवला.

बाबा, तुम्ही म्हणणार, तिकडची तीन वर्षांची, इकडची कायमची. खरंय. तुम्ही शेजारी पेढ्यांचं बोलूनही ठेवलं असेल. पण पुण्यात आठवड्याला सोळा तास शिकवून, वर पेपरांचे गठ्ठे तपासून, मी चौदाव्या शतकातल्या इंग्रजीकडे वळणार कधी? माझ्या 'पर्ल' या त्या काळातल्या कवितेची जगात एकच हस्तलिखित प्रत आहे, ती लंडनला. ती ज्या संग्रहात होती, त्याला १७३१ साली आग लागली. 'बेओवुल्फ' या जुन्या इंग्रजी काव्याच्या प्रतीच्या कडा करपल्या, ही वाचली. ती सहजासहजी हातात देत नाहीत, छायाचित्रांवर भागवा म्हणतात. दुसरं एक हस्तलिखित मात्र हाताळलं. हातमोजे नाहीत, हात धुऊन कोरडे करायचे, शाई बंद, फक्त पेन्सिल. आई, तुझ्या सोवळ्याची आठवण झाली. फक्त इथे पान वासराच्या कातड्याचं, केसांच्या बाजूला बारीक ठिपके दिसतात, हे तुझ्या देवघरात बोलू नकोस.

बाबा, 'पर्ल'च्या ओळी बरोबर १२१२. ज्ञानेश्वरीचा शक! निव्वळ योगायोग आहे, प्रबंधात घातला तर हसतील. पण पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा शाल पांघरून तुमच्या मांडीवर बसल्यासारखं झालं. अर्थ कळत नसताना ओव्या म्हणायची मी, आणि चुकले की तुम्ही फक्त गुडघा हलवायचात. न कळणारी भाषा आधी कानात भरायची, हे मी तिथेच शिकले.

कवितेत एका बापाची लेक गेलेली असते. ती त्याला स्वप्नात नदीपलीकडे दिसते, तो पाण्यात झेप घ्यायला जातो आणि जागा होतो. आई, लगेच अंगारा शोधू नकोस. ती पोर दोन वर्षांचीही नव्हती. मी छत्तीसची घोडी, सर्दीखेरीज काही होत नाही.

खोलीला दुपारी ऊन येतं. हीटर चालतो. दोन चौक ओलांडून जाडे पोहे मिळतात, मेतकूट अजून अर्धी बरणी आहे, कुकरची रिंग बदलली. एकटी जेवते असं समजू नका, शेजारची मुलगी आमटीच्या वासाने येतेच.

आता ऐका. बाबा, उपाशीपोटीची शुगर दर महिन्याला, आणि आकडा मला खरा सांगायचा. मागच्या वेळचा आईने सांगितलाय. बाथरूममध्ये धरायला दांडा याच आठवड्यात बसवून घ्या, पैसे पाठवलेत. आई, माळ्यावरचे डबे काढायला स्टुलावर चढायचं नाही, दादाला सांग. गुडघ्याचा पट्टा कपाटात ठेवण्यासाठी नाही घेतला.

रागावलात तर रागवा, पण फोन उचला. तुम्हाला सोडून राहायचं म्हणून राहत नाहीये, एवढं तरी मानाल ना?

नाताळात तीन आठवडे येते. बाबा, विमानतळावर पहाटे येऊ नका, मी टॅक्सी करीन. येणारच असलात तर कानटोपी घालून या.

तुमची
चिमी