फ्लोरिडाच्या जुन्या फिल्म्समध्ये कोण दिसत नाही?

संपादक महोदय, स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला फ्लोरिडाच्या जुन्या टुरिझम फिल्म्सवरचा लेख आवडला, पण त्यात एक मोठी गोष्ट राहून गेलीय म्हणून लिहितेय. माझी मुलगी टँपाला असते, मागच्या हिवाळ्यात तिच्याकडे होते तेव्हा जेवणं उरकली की मी तिथल्या सरकारी अर्काइव्हने नेटवर टाकलेल्या ह्या १९५०-६० च्या फिल्म्स लावून बसायचे. काय ते ऊन, काय त्या संत्र्यांच्या बागा! आणि विकी वाची नावाच्या झऱ्यातल्या जलपऱ्या तर बघतच राहाव्या अशा, न्यूटन पेरीने १९४७ मध्ये जिवंत झऱ्यातच पाण्याखाली थिएटर काढलं, जेमतेम १८ सीटचं, आणि मुली शेपटी लावून नळीने हवा ओढत ओढत पाण्यात केळी खाऊन दाखवायच्या.

सायप्रेस गार्डन्स या तिथल्या पर्यटकांच्या बागेतल्या, घेरदार झग्यातल्या बायकांचा फोटो तुम्ही छापलात, त्याची गोष्टही सांगायला हवी होती. १९४० च्या थंडीत तिथल्या गेटजवळचा फुलांचा वेल करपला, तो लोकांना दिसू नये म्हणून मालकीणबाई ज्यूली पोप यांनी असे झगे घालून मुली त्याच्यासमोर उभ्या केल्या, म्हणजे कायम ऊन असतं म्हणून जाहिरात होणाऱ्या राज्यात थंडीने जळलेला वेल झाकायला!

पण माझं खरं म्हणणं वेगळंच आहे. मी बघितल्या त्या फिल्म्समध्ये मजा करणारा एकही काळा माणूस नाही. सिल्व्हर स्प्रिंग्स या झऱ्याच्या पर्यटनस्थळी काचेच्या तळाच्या बोटी चालवणारे कॅप्टन काळे होते, झऱ्याचा कोपरा न् कोपरा त्यांना पाठ, पण त्यांच्याच बायकापोरांना तिथे पर्यटक म्हणून यायला बंदी. काळ्या लोकांसाठी १९४९ मध्ये त्याच झऱ्यातून निघणाऱ्या नदीच्या खालच्या अंगाला, मैलभर अंतरावर पॅराडाइज पार्क काढलं, पाणी तेच, बोटी तशाच, फक्त माणसं वेगळी काढलेली. १९६९ ला ते बंद झालं. हे सगळं वाचलं आणि नंतर त्या फिल्म्स पुन्हा लावल्या तेव्हा मला त्यात फक्त ऊन बघता येईना.

सिल्व्हर स्प्रिंग्सचे पाण्याखालचे फोटो काढणाऱ्या ब्रूस मोझर्टनेच पॅराडाइज पार्कमधल्या कुटुंबांचेही फोटो काढलेत. पुढच्या रविवारी त्यातला एक तरी छापा, आणि जलपऱ्यांच्या फोटोएवढाच मोठा छापा, एवढी विनंती.

आपली,
एक वाचक, डोंबिवली