पुराची रेघ

शुक्रवार पेठ, कोल्हापूर

चि. शमू,

अनेक आशीर्वाद.

काल फोनवर एवढंच म्हणालीस, "पोचले." आधी कोल्हापूरच्या पोरींसारखं म्हणायचीस, "बाबा, मी पोचलो." मुंबईची सवय झाली, की अजून राग आहे? राग योग्यच आहे. स्वैपाकघरातली २०१९ च्या पुराची रेघ तू चित्रित करणार आहेस हे मला ठाऊक नव्हतं, असं मी म्हणालो. ठाऊक होतं. आईनं सांगितलं होतं. तरी रंगारी बोलावला.

त्या रेघेखाली मी इतकी वर्षं जेवायला बसलो, शमू. माझ्या छातीएवढी उंच. आक्का माडीवर, आणि खाली तिचा पानाचा डबा तरंगतोय, हेच दिसायचं. तू रेघेत आठवण शोधतेस, मला गाळाचा वास येतो.

एकच सांगायचंय. पाणी चढलं की तू येणार, ये. पण पाण्यात उतरू नकोस.

परड्यात पारिजातकाखाली पुरलेली तुझी ती फिल्म मी काल रात्री एकट्यानं बघितली. मातीतले जंतू फिल्मवरचा जिलेटिनचा थर खातात, हे तू समजावलं होतंस, तेव्हा मला फक्त रिळाचे पैसे दिसले होते. काल घाटाच्या पायऱ्यांवर निळे-पिवळे डाग पसरत गेले, मध्येच आक्काचा हात आला, हिरव्या बांगडीसकट, आणि विरघळला. निवेदन नाही, संगीत नाही. मलाही ती आता तेवढीच आठवते. परत लावून बघितली.

खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्तंभ बघायला तू माझ्या खांद्यावर बसून यायचीस. बाबूराव पेंटरांनी इथं स्वतः कॅमेरा बनवला, १९२९ ला प्रभात फिल्म कंपनी इथंच सुरू झाली, १९३३ ला पुण्याला गेली, हे मी मोठ्या तोऱ्यात सांगायचो. त्या काळच्या कितीतरी मूकपटांची फूटभर फिल्मही उरली नाही म्हटल्यावर तू विचारलंस, "मग त्यातली माणसं कुठं गेली?" सहा वर्षांची होतीस. मला उत्तर आलं नाही. तू अजून तेच विचारत फिरतेस, हे मला काल कळलं.

म्हणून म्हणतो, पाण्यात उतरू नकोस. पंचगंगेच्या राजाराम बंधाऱ्यावर ३९ फुटाला इशारा, ४३ ला धोका, हे तुला पाठ आहे. पण गल्लीत पाणी आलं की उघडं गटार दिसत नाही, वीज उतरलेली कळत नाही. मागच्या वेळी "गुडघाभर होतं" म्हणालीस. फोटोत तू कमरेपर्यंत होतीस. कॅमेरा डोक्यावर धरून हसत होतीस. तुझ्या वयात जबाबदारी म्हणून काही असते, घरात दोन म्हातारी माणसं...

परत भाषण झालं. माफ कर. तुला थांबवायचं नाही मला.

आज दुपारी फडताळाच्या मागं बॅटरी मारून बघितलं. रंगाऱ्यानं ते हलवलंच नव्हतं. मागं दीड हात रेघ तशीच आहे, वर गाळाचे ठिपके, खाली पोपडे. फडताळ जड आहे, मला एकट्याला सरकत नाही. तू आलीस की सरकवू.

तुझा,
बाबा

ता. क. गमबूट आणून ठेवलेत. म्हणजे उतर असं नाही.